इरल्यातला जावई

१

त्या पत्राला कमळाकरांनी अकरा वर्षांत उत्तर दिलं नव्हतं.

निळं आंतरदेशीय पत्र होतं ते. बारवी धरणाच्या वरच्या एका पाड्यातून आलेलं, कुणा शाळामास्तरच्या टपोऱ्या अक्षरातलं. खाली बाळी नावाच्या बाईचा अंगठा. कमळाकरांनी ते वाचलं, घडी केली आणि शब्दकोशात ठेवून दिलं. उद्या लिहू म्हणाले. ग्रंथालयात तीस वर्षं नोकरी केलेल्या माणसाला पुस्तकात ठेवलेली गोष्ट हरवत नाही एवढं माहीत असतं. आपण ती मुद्दाम विसरू शकतो, हे त्यांना पुढे कळलं.

आणि आता, चौऱ्याण्णवच्या जानेवारीत, एका शनिवारी सकाळी ते उल्हासनगर कॅम्प पाचमधल्या टेकचंदच्या गोदामात उभे होते. समोर फिल्मचा गंजका डबा उघडा पडला होता. डब्यातल्या फिल्मचा शेवटचा तुकडा कोणीतरी कापून नेला होता.

"मास्तर, गुरुवारी तुमी गेला तेव्हा पूरा होता ना?" टेकचंदने विचारलं.

"होता. शेवट मी पाहिला नव्हता. पण गुंडाळी पूर्ण होती."

"मग आता दीड हात कम है. मेरे इधर बीस साल में सुई नहीं गई." टेकचंदने मागे मान वळवली. "चोर घरका है, मास्तर. उसका पूरा खानदान ही ऐसा है. गाववालेच बोलतात. सोमवार सुबह तक पट्टी वापस नाही आली, तो मैं चौकी में देता हूँ उसको."

भिंतीशी एक काळासावळा, तिशीतला माणूस हात मागे घेऊन उभा होता. हा कान्हा, गोदामातला कामगार. त्याने मान वर केली नाही.

"कुठल्या गावचा?" कमळाकरांनी विचारलं. उत्तर नको असल्यासारखं त्यांनी ते हळूच विचारलं.

"बारवीच्या वर. पाडा है कोई. इसकी दादी का नाम बाळी है. वो भी बहुत पहुँची हुई चीज है."

कमळाकर जवळच्या खोक्यावर बसले.

२

टेकचंदचा धंदा जुन्या फिल्मचा. मुंबईच्या गोदामांतून डबेच्या डबे भंगारात यायचे. सोड्याच्या उकळत्या पाण्यात फिल्म बुडवली की चित्र निघून जायचं, पाण्यातून चांदी मिळायची आणि उरलेल्या पारदर्शक पट्ट्या शर्टांच्या कॉलरमध्ये घालायला जायच्या. किती नट, किती नट्या अशा लोकांच्या मानेभोवती गेल्या असतील, असा विचार कमळाकरांच्या मनात येई आणि मग आपलं हे असले विचार करणंच त्यांना हास्यास्पद वाटे.

हा डबा मात्र पाण्यात गेला नव्हता. डब्यावर खिळ्याने कोरलं होतं, 'दोन पाट, एक जावई'. सन अठ्ठावीसचा मुका विनोदी चित्रपट, वीस मिनिटांचा. धोंड्याच्या महिन्यात जावई सासुरवाडीला अनारसे खायला निघतो. वाटेत देवळाच्या ओसरीवर झोपतो. त्याच्यासारखाच दिसणारा एक भटक्या त्याचे कपडे घालून पुढे जातो. सासू भलत्यालाच ओवाळते आणि खरा जावई मार खातो. अंबरनाथच्या वालधुनी नदीकाठी हे चित्रण झालं होतं. खरा जावई आणि खोटा जावई, दोन्ही कामं हिंदुराव या नटाने एकट्याने केली, अशी त्याची ख्याती.

ती ख्याती कमळाकरांनीच पुन्हा उजळली होती. ब्याऐंशी साली एका दिवाळी अंकात त्यांनी लेख लिहिला होता. शेवटी दोन्ही जावई शेजारी शेजारी पाटांवर बसतात, ती करामत कशी केली असेल ते सांगितलं होतं. कॅमेऱ्याची अर्धी काच काळ्या कागदाने झाकायची, नटाला डावीकडे बसवून चित्र घ्यायचं. मग फिल्म मागे गुंडाळायची, दुसरी बाजू झाकायची आणि त्याच नटाला उजवीकडे बसवायचं. हे लिहिताना कमळाकरांनी चित्रपट पाहिलेला नव्हता. तेव्हा तो कोणाकडेच नव्हता. हाताशी होतं एक जुनं जाहिरातीचं पत्रक आणि हिंदुरावांचे चिरंजीव महिपती यांनी सांगितलेल्या आठवणी. पत्रकात लिहिलं होतं, नकली जावई भर पावसात उलटा चालत येतो आणि लोक हसून लोळतात. कमळाकरांनी त्यात मनाने एक छत्री घातली. पावसात माणूस छत्रीच घेतो.

गुरुवारी त्यांनी प्रथमच ती फिल्म खिडकीच्या उजेडात धरून भिंगाखाली पाहिली. एकेक चित्र. नकली जावई उलटा चालत होता आणि त्याच्या डोक्यावर छत्री नव्हती. इरलं होतं. पानांनी शाकारलेलं, पाठीवरून खाली आलेलं, शेतात पावसात घालतात ते.

तेवढ्यात डोळ्यांना पाणी आलं आणि उजेडही गेला. त्यांनी सवयीने त्या जागी कागदाची चिठ्ठी खोचली, फिल्म गुंडाळली आणि घरी आले. कोणाला काही बोलले नाहीत. आपली चूक कोणाला सांगणार?

आता त्यांनी कापलेलं टोक भिंगाखाली धरलं. कापाची रेघ सरळ नव्हती. नखासारखी किंचित कमान होती आणि कडेला एक तपकिरी कण चिकटला होता. गंज असेल, असं त्यांना वाटलं.

"तुमच्याकडे कापायला काय असतं?"

टेकचंदने मोठी कातर दाखवली. हातभर लांब, सरळ पात्याची.

"गुरुवारनंतर इथे कोण कोण आलं?"

"कोण येणार? काल महिपतीसाहब आले. बाप के शताब्दी का कार्ड देने. चाय पी. मी काट्यावर माल तोलायला गेलो, पंधरा मिनिट. आया तो वो वैसेच बसले होते, शरीफ आदमी." टेकचंदने आवाज खाली आणला. "हा कान्हा दिवसभर इथेच. आणि मास्तर, ये डब्बा उसी ने ढूँढा. तीन साल से हर डब्बा खोल के देखता है. पागल जैसा. पूछो उसको, क्यों?"

३

गोदामाच्या मागे फिल्म उकळायच्या हौदांच्या कडेला कान्हा पायांवर बसला होता. कमळाकरांनी शेजारी बसायचा प्रयत्न केला, पण गुडघे ऐकेनात. ते उभेच राहिले.

"तू डबे का बघायचास?"

"आजासाठी. म्हंजे आजीच्या बापासाठी. नवसू. तो हाय त्याच्यात."

"तू पाहिलंस?"

"इरलं बघितलं नं. आजी बोलायची तसंच. मी शेठला बोललो, हा पाण्यात नको टाकू, बदलापूरला लायब्ररीवाले साहेब हायेत, त्यांना बोलव." तो थांबला. "तुमचं नाव आजीला पाठ हाय."

कमळाकर हौदातल्या पाण्याकडे बघू लागले.

"आमाला कोटवाले बोलतात, साहेब. लगीन असो, मयत असो, कोटवाले. सिनेमाचा कोट चोरला बोलून माझ्या पणज्याला धरला बदलापुरात. तो बोलला, मला घालाया दिला. कंपनीवाले बोलले, आमच्यात दुसरा मानूसच नव्हता, एकच हाय, हिंदुराव. सहा महिने आत. आता कोणाची कोंबडी गेली तरी पयले आमच्याच घरात वाकून बघतात." त्याने हाताने हौदाच्या कडेची पापुद्र्यासारखी घाण खरवडली. "आन् आता माझ्यावर आलं. मी कशाला कापीन? मला तर ते पुरं पायजे होतं."

"तुझ्या आजीनं पत्र लिहिलं होतं मला."

"तुमी नाय लिवलं."

"नाही लिहिलं."

"पोस्टमन शनवारी येतो आमच्याकडं. करंजाखाली उभा राहून सगळ्यांची पत्रं मोठ्यानं वाचतो, कोनाला वाचता येत नव्हतं नं पयले, तीच सवय. आजी अजून जाऊन बसते. दुसऱ्यांची ऐकून येते." तो उठला. आवाजात राग नव्हता. "आज पण शनवार हाय. बसली असंल."

४

बदलापुरात, कात्रपच्या घरी बकुळाबाई तांदूळ निवडत होत्या. लग्नाला चव्वेचाळीस वर्षं झाली होती. नवऱ्याच्या चेहऱ्यावरून त्याला कोणी काही बोललंय की तो स्वतःलाच बोलतोय, हे त्यांना कळायचं.

"काय झालं?"

कमळाकरांनी शब्दकोश उघडला, पत्र काढलं आणि बायकोसमोर ठेवलं. चष्मा लावून बकुळाबाईंनी मोठ्याने वाचलं.

"'आपला लेख गुरुजींनी वाचून दाखवला. दुसरा जावई हिंदुराव नव्हता, माझा बाप नवसू होता. आपण लिहिता की तो छत्री घेऊन उलटा चालतो. छत्री नव्हती, इरले होते. ते माझ्या आईने विणले होते. तेव्हा मी पोटात होते. माझा बाप चोर नव्हता, नट होता, एवढे लिहून पाठवा. आपण शिकलेले आहात. उत्तर पोस्टानेच पाठवावे, कोणाच्या हाती देऊ नये.'" त्यांनी चष्मा काढला. "अकरा वर्षं हे इथे होतं?"

"मला वाटलं, खेड्यातली बाई, ऐकीव गोष्ट. आणि छत्रीचं वाचून..." ते अडखळले. "छत्रीचं वाचून राग आला मला. माझीच चूक ती. ती कबूल केली की बाकीचंही कबूल करावं लागेल, असं वाटलं."

"मोठे संशोधक."

"तो माझा कधीच दावा नव्हता."

"नव्हता ना? मग लिहायचं की दोन ओळी."

कमळाकर उठले. "इरलं खरं ठरलं, म्हणून दुसरा माणूस खरा ठरत नाही. हिंदुरावांनीही इरलं घेतलं असेल. चाल बघ, अशी आहे." आणि ते स्वयंपाकघरात, कमरेत वाकून, टाच उचलत, मागे न बघता एकेक पाऊल मागे टाकत गेले. "मी लिहिलं होतं की ही परदेशी विनोदी नटांची नक्कल..."

बकुळाबाई त्यांना हसत होत्या, त्या एकदम थांबल्या.

"अहो, ही भाताची लावणी आहे."

"काय?"

"परदेशी कुठली? रोप लावत लावत मागे यायचं. पाय चिखलातून असाच सोडवायचा, आधी टाच. मागे बघायचं नाही, लावलेली ओळ मोडेल म्हणून. माझे वडील तर जेवायला उठले तरी आषाढात असेच चालायचे." त्यांनी तांदळाचं ताट बाजूला केलं. "हिंदुराव शेतकरी होते का?"

"सोलापूरकडचे. गिरणीत होते, मग नाटकात."

"मग त्यांना नाही यायची ही चाल. शिकवून येत नाही ती."

कमळाकर खुर्चीत बसले. सगळं जुळत होतं, पण यातलं काहीच चौकीत चालणार नव्हतं. इरलं आणि पायांची चाल. सोमवारी टेकचंद कान्हाला नेणार आणि फिल्मचा तो शेवट कायमचा जाणार.

टेबलावर महिपतीने बुधवारी छापून आणून दिलेली शताब्दीची पत्रिका होती. त्यांनी ती उगाच उचलली. आत ठळक अक्षरांत होतं, 'एकट्याने दोन! भर पावसात छत्री घेऊन उलटी चाल!' आपली छत्री किती दूरवर गेली होती.

"उद्या महिपतीकडे जातो," ते म्हणाले.

"तो काय सांगणार?"

"ते माहीत नाही. पण विचारायचं राहिलंय."

५

महिपतीचं घर अंबरनाथला, मोरिवलीच्या अलीकडे. कारखान्यातून निवृत्त झालेला, चौसष्टीचा, ठेंगणा माणूस. भिंतीवर हिंदुरावांचे सात फोटो. पानाचा डबा पुढ्यात घेऊन तो सुपारी कातरत होता.

"या सर. भाषण लिहून झालं का?"

"होतंय. तुम्हाला कळलं का, कोणीतरी फिल्म कापली ते?"

"कळलं." अडकित्ता कटकन वाजला. "त्या आदिवासी पोरानं म्हणे. वाईट झालं. एवढ्या वर्षांनी बाबांचं दर्शन व्हायचं, तर नशिबात नाही."

"तुम्ही पाहिली नव्हती ना फिल्म?"

"कुठली? तुम्हीच म्हणालात, आधी तुम्ही नीट बघता, मग सगळे मिळून बघू. मी थांबलोय." सुपारीची चंद्रकोरीसारखी एक कातळी ताटलीत पडली. "बाबांचं काम म्हणजे काय होतं, सर. नुसतं ते इरलं घेऊन मागं मागं येणं. तेवढ्यानं थिएटर डोक्यावर घ्यायचे लोक."

कमळाकरांनी पाण्याचा पेला खाली ठेवला. त्यांना तिथून उठून जावंसं वाटलं. आयुष्यात त्यांनी कोणाला तोंडावर खोटं ठरवलं नव्हतं.

"महिपतराव, बुधवारी तुम्ही पत्रिकेत छत्री छापलीत."

"हो. म्हणजे तुमच्याच लेखात..."

"माझ्याच लेखात. छत्री माझ्या मनातली होती. जगात कुठेच नव्हती. अकरा वर्षं तुम्ही माझ्यामुळे छत्री म्हणत आलात. ते इरलं आहे हे मी गुरुवारी पाहिलं आणि लाजेनं कोणाला सांगितलं नाही. माझी चिठ्ठी नेमकी त्याच जागी होती. आज रविवारी तुम्ही इरलं म्हणता."

महिपतीने सुपारी कातरायची थांबवली.

"बाबांनी सांगितलं असेल, असंही मला वाटलं. पण मग बुधवारी छत्री छापली नसतीत." कमळाकर ताटलीकडे बघत होते. "फिल्मचं टोक गोलसर कापलंय, त्या सुपारीसारखं. टेकचंदची कातर सरळ आहे. टोकाला एक कण होता, मला गंज वाटला. माझं चुकत असेल. बऱ्याचदा चुकतं. चुकत असलं तर सांगा, मी माफी मागून जातो."

बाहेर कारखान्याचा भोंगा झाला. महिपतीने अडकित्ता मिटला आणि पानाच्या डब्याचा खालचा कप्पा ओढला. चुन्याच्या डबीशेजारी, रुमालात गुंडाळलेली फिल्मची पट्टी होती.

"जाळणार होतो," तो म्हणाला. "काडी पेटवली दोनदा. पण त्यात बाबा आहेत ना."

६

खिडकीत दोघांनी ती पट्टी उजेडात धरली. दोन पाट, पुढे एकच ताट. डावीकडे हिंदुराव, उजवीकडे तसाच कोट, तशीच टोपी, तशीच मिशी, तोंडाला तसाच पांढरा रंग. काच झाकून काढलेल्या चित्रात मधली रेघ कोणालाही ओलांडता येत नाही. इथे हिंदुरावांनी हात लांब करून दुसऱ्याच्या तोंडात अनारसा घातला होता. त्यांच्या हाताची सावली दुसऱ्याच्या छातीवर पडली होती. आणि तो दुसरा हसत होता. ठरवून हसणाऱ्या नटाचं ते हसणं नव्हतं. खरोखर गोड लागल्याचं होतं. कमळाकरांनी नवसूच्या कोटाची, कंपनीच्या जबाबाची आणि सहा महिन्यांच्या कैदेची हकीकत सांगितली.

"मिशी आणि रंग लावला की त्या बांध्याचा कोणीही हिंदुराव व्हायचा," महिपती म्हणाला. "ओझं घेऊन आला असेल डोंगरावरून. मालकानं उभा केला असेल. आणि मग जाहिरात केली, एकच माणूस, दोन जावई. पोलीस विचारायला आले तेव्हा जाहिरात खोटी पडली असती. मला यातलं काही माहीत नव्हतं, सर. शपथेवर."

"मग कापलंत का?"

"शुक्रवारी चिठ्ठीच्या पुढे बघत गेलो आणि शेवटी हे दिसलं. तेव्हा एक समजलं." त्याने पट्टी खाली केली. "बाबा जाताना दोन दिवस एकच विचारत होते. दुसऱ्या पाटावरचा जेवला का रे? आम्ही म्हणायचो, जेवला. वात झालाय म्हणून. त्यांना माहीत होतं. सहा महिने तो आत होता, तेव्हाही माहीत होतं. आता हे मी हॉलमध्ये शंभर माणसांना कसं दाखवू?"

अशा वेळी शहाणी माणसं काय बोलतात, ते कमळाकरांनी पुष्कळ पुस्तकांत वाचलं होतं. त्यातलं एकही वाक्य आठवेना.

"मी पण एक पत्र अकरा वर्षं लपवलं," ते शेवटी म्हणाले. "आपण दोघं मिळून लिहू."

सोमवारी सकाळी महिपती स्वतः टेकचंदकडे गेला. टेकचंदने पट्टी पाहिली, महिपतीला पाहिलं आणि बराच वेळ कान खाजवत राहिला. मग त्याने कान्हाला हाक मारून चहा आणायला पाठवलं, आणि चहा आल्यावर पहिला पेला त्यालाच दिला. माफी वगैरे त्याने मागितली नाही. "बैठ इधर," एवढंच म्हणाला आणि स्वतःची खुर्ची पुढे सरकवली.

कान्हा दुपारी कात्रपला आला, तेव्हा कमळाकर पत्र चौथ्यांदा लिहीत होते. पहिली तीन फार लांब झाली होती. त्यांत त्यांनी स्वतःबद्दल बरंच लिहिलं होतं. बकुळाबाईंनी ती वाचून परत केली होती. "तिनं तुमच्याबद्दल विचारलंय का?"

चौथं असं होतं :

'श्रीमती बाळीबाई यांस. आपले पत्र पोचले होते. उत्तर द्यायला अकरा वर्षे लावली, ही माझी चूक. चित्रपट आम्ही डोळ्यांनी पाहिला. दुसरा जावई आपले वडील नवसू हेच आहेत. कोट त्यांना कंपनीने घालायला दिला होता. ते चोर नव्हते, नट होते. छत्री नव्हती, इरले होते. येत्या रविवारी अंबरनाथला दोन नटांचा सत्कार आहे, आपण यावे.'

खाली कमळाकरांची सही आणि तिच्याखाली 'महिपती हिंदुराव' अशी दुसरी.

"द्या साहेब, मी चाललोच हाय," कान्हाने हात पुढे केला. "आज सांच्याला आजीला देतो. पोस्टानं तर शनवार होईल."

"आजीला सांगून ठेव, शनिवारी करंजाखाली बसायचं म्हणून. पत्र मात्र पोस्टानेच जाऊ दे."

कान्हाने क्षणभर त्यांच्याकडे पाहिलं. मग त्याला समजलं आणि त्याने हात मागे घेतला.

तिघं चौकापर्यंत चालत गेले. बकुळाबाईंनी पत्त्याचं अक्षर एकदा तपासलं. कमळाकरांनी पत्र पेटीच्या तोंडाशी धरलं, सवयीने मनात पुन्हा एकदा वाचलं, आणि सोडून दिलं. आत ते दुसऱ्या पत्रांवर पडल्याचा आवाज झाला.

"चला," बकुळाबाई म्हणाल्या. "चहा करते."

कान्हा पेटीजवळ उभा होता. पत्र काढायची वेळ पेटीवर लिहिलेली होती, ती तो बोटाने एकेक अक्षर लावत वाचत होता.